ओळखीचा कातळ, परका किनारा

उत्तर आयर्लंडच्या अँट्रिम किनाऱ्यावर, थेट लाटांच्या तोंडाशी, सुमारे ४०,००० दगडी खांब एकमेकांना खेटून उभे आहेत. बहुतेक षट्कोनी. दोन खांबांच्या मधल्या फटीत नाणं जेमतेम शिरावं, इतके ते जवळजवळ आहेत. डोंगराच्या पायथ्यापासून ते पायऱ्या-पायऱ्यांनी उतरत समुद्रात जातात आणि पाण्याखाली दिसेनासे होतात. जायंट्स कॉजवे हे त्या जागेचं नाव. १९८६ पासून ती युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे. कोणा कारागिराने फरसबंदी केली असावी असं वाटायला लावणारं हे बांधकाम ज्या दगडाचं आहे, तो आपल्या रोजच्या पाहण्यातला आहे. तो बसाल्ट. रायगडाचा कडा, वेरूळचं कैलास लेणं, पुण्यातल्या जुन्या वाड्यांची जोती ज्या काळ्या कातळाची, त्याच कातळाचा हा युरोपातला भाऊबंद. म्हणून मला वाटतं, या किनाऱ्याची एका दिवसाची सहल मराठी माणसाने करावी ती परदेशातलं एक प्रसिद्ध ठिकाण पाहून यायचं म्हणून नव्हे. आपल्या पायाखाली काय आहे, ते तिथे नीट उलगडतं.

बेलफास्टहून अशा सहली रोज सकाळी निघतात. मोठ्या बसने जाता येतं, तसंच दहा-पंधरा माणसांच्या छोट्या गाडीनेही जाता येतं. जमलं तर छोटीच गाडी घ्यावी. बहुधा गाडी चालवणाराच गाइड असतो आणि तो बोलत असतो ते समोरच्या वळणाबद्दल, ध्वनिमुद्रित माहितीसारखं ठरावीक नाही. कड्यात एखादा रंगाचा पट्टा दिसला आणि कोणी विचारलं, तर पुढच्या रुंदीवर गाडी बाजूला घेऊन तो पट्टा दाखवता येतो. पन्नास जणांच्या बसला हे शक्य नसतं. शिवाय टॉर हेडकडे जाणारा अरुंद, चढउतारांचा रस्ता मोठ्या बसला झेपत नाही, आणि या किनाऱ्याचा फार मोकळा, फार उंचावरचा भाग नेमका तिथेच आहे.

पहिला थांबा कॅरिकफर्गसचा किल्ला. जॉन द कुर्सी या नॉर्मन सरदाराने ११७७ च्या सुमारास तो बांधायला घेतला. किल्ल्याच्या भिंती जाड आणि पाण्याला लागून आहेत. पण जंजिरा आणि सिंधुदुर्ग पाहिलेल्या माणसाने इथे फार वेळ घालवू नये. खरी गोष्ट पुढे, लार्न गाव सोडल्यावर सुरू होते.

लार्नपासून उत्तरेला रस्ता समुद्र आणि कडा यांच्या मधल्या चिंचोळ्या पट्टीवरून धावतो. उजव्या हाताला लाटा, डाव्या हाताला उभी भिंत. ही भिंत तीन रंगांत दिसते. तळाशी कुठे कुठे डोकावणारी करडी, मऊ चिकणमाती, तिच्यावर पांढराशुभ्र चुनखडक आणि त्याच्या डोक्यावर काळा बसाल्ट. चिकणमाती ज्युरासिक काळातल्या समुद्राच्या तळाशी साचली. पांढरा थर त्यानंतरच्या क्रेटेशियस समुद्रातला. नुसत्या डोळ्यांना न दिसणाऱ्या शैवालांच्या कवचांचा पाऊस त्या समुद्राच्या तळावर लाखो वर्षं पडत राहिला आणि त्याचाच खडक झाला. त्यात गारगोटीच्या जातीच्या, काचेसारख्या धारेच्या फ्लिंट दगडाच्या गाठी अडकलेल्या आहेत. अश्मयुगातली माणसं त्यांतून पाती काढायची. मग समुद्र हटला, जमीन उघडी पडली, झिजली, आणि त्या पांढऱ्या जमिनीवर लाव्हा पसरला. ज्या रेषेवर काळा थर पांढऱ्यावर टेकतो, तिथे काही ठिकाणी फ्लिंटच्या गाठी उष्णतेने भाजून लालसर झालेल्या आढळतात. दोन युगांच्या मधली ही रेषा गाडीच्या खिडकीतून, मैलच्या मैल, सलग दिसत राहते.

तळाची चिकणमाती पाणी पिऊन निसरडी होते आणि वरचा सगळा डोलारा घसरतो. दरड या किनाऱ्यालाही सवयीची आहे. ग्लेनार्मच्या आसपासच्या उतारांवरून चिखलाचे लोट रस्त्यावर आलेले आहेत. कोकणातल्या घाटात पावसाळ्यात अडकलेल्या माणसाला इथल्या दरडीची सूचना देणाऱ्या पाट्या वेगळ्या समजावून सांगाव्या लागत नाहीत.

असा हा रस्ता बांधला कसा, हा प्रश्न गाइडला जरूर विचारावा. विल्यम बाल्ड या स्कॉटिश अभियंत्याच्या देखरेखीखाली १८३२ ते १८४२ या दहा वर्षांत तो झाला. त्याआधी या भागातले लोक डोंगरावरून चढ-उताराच्या खडतर वाटेने जात. डोंगर पोखरून, वळणं घेत वर जाण्याऐवजी बाल्डने कड्याचा पायथाच सुरुंगाने उडवला आणि पडलेल्या दगडांचा भराव समुद्राच्या बाजूला घालून त्यावर रस्ता नेला. काही ठिकाणी निसर्गानेच जागा करून ठेवली होती. हिमयुगात या भूमीवर बर्फाचं प्रचंड ओझं होतं. ते वितळल्यावर जमीन हळूहळू वर उचलली गेली आणि जुन्या पुळणी भरतीच्या रेषेच्या वर, कोरड्या राहिल्या. त्या उंचावलेल्या पुळणीवरून आज मोटारी जातात. समुद्र मागे सरला की जमीन वर आली, हे कोडं जगभरच्या किनाऱ्यांवर पडतं. इथे ते सुटतं जमिनीच्या बाजूने.

या रस्त्याला लागून नऊ दऱ्या समुद्राकडे उघडतात. त्यांना ग्लेन्स म्हणतात. रस्ता होण्याआधी या दऱ्यांतल्या माणसांना आयर्लंडच्या आतल्या भागात जाण्यापेक्षा होडीने स्कॉटलंड गाठणं सोपं होतं. टॉर हेडच्या टोकावर उभं राहिलं की कारण कळतं. समोर स्कॉटलंडचं किनटायर भूशिर अवघं वीसेक किलोमीटर आहे. हवा स्वच्छ असली तर पलीकडची शेतं वेगवेगळी दिसतात. माणसं, बोली, गाणी, भांडणं सगळं या खाडीवजा पाण्यावरून शतकानुशतकं ये-जा करत राहिलं. जमिनीने जोडलेलं लांब आणि पाण्याने तोडलेलं जवळ, हा हिशेब आपल्या कोकणच्या बंदरांनाही गलबतांच्या काळात लागू होता.

आता लाव्हाबद्दल. साधारण ६ कोटी वर्षांपूर्वी ग्रीनलंड आणि युरोप एकमेकांपासून सुटू लागले आणि मधे उत्तर अटलांटिक समुद्र उघडायला सुरुवात झाली. भूकवच ताणलं गेलं, त्याला लांबच लांब भेगा पडल्या आणि त्या भेगांतून लाव्हा वाहिला. शंकूच्या आकाराचा, तोंडातून आग ओकणारा ज्वालामुखी डोळ्यांसमोर येऊ देऊ नये. इथे लाव्हा पाझरला, पसरला, थरांवर थर चढले. त्यातूनच अँट्रिमचं पठार तयार झालं. त्याच्या थोडं आधी, सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी, पृथ्वीच्या दुसऱ्या भागात हेच नाट्य अवाढव्य प्रमाणावर घडत होतं. भारताचा भूखंड उत्तरेकडे सरकत होता आणि त्यावर दख्खनचा लाव्हा पसरत होता. झीज होऊन उरलेलं त्याचं क्षेत्रच आज सुमारे ५ लाख चौरस किलोमीटर आहे. तिथेही भूमी फाटत होती. भारतापासून सेशेल्स बेटांचा तुकडा सुटला आणि त्यातल्या सिल्हूएट बेटावर दख्खनच्या उद्रेकांशी नातं सांगणारे आग्नेय खडक आजही आहेत. म्हणजे अँट्रिमचा किनारा आणि कोकणचा किनारा हे दोन्ही फाटलेल्या भूखंडांचे काठ आहेत आणि दोन्ही काठांवर फाटताना लाव्हाचा महापूर येऊन गेला आहे. गाडीत बसल्या बसल्या हे लक्षात आलं की बाहेरचा काळा कडा परका वाटेनासा होतो.

लाव्हा सगळीकडे शांतपणे वाहिला असं मात्र नाही. बॅलीकॅसल गाव ओलांडल्यावर कॅरिक-अ-रीड लागतं. मुख्य भूमी आणि एक छोटं बेट यांच्यामधल्या घळीवर सुमारे २० मीटर लांबीचा झुलता दोरपूल आहे. खाली ३० मीटरवर पाणी. सहलीतली बहुतेक माणसं हा पूल ओलांडायच्या थरारासाठी येतात आणि तो थरार खराच आहे, वारा असला तर अधिकच. पण बेटाचा दगड हाताने चाचपून पाहावा. तो एकसंध काळा बसाल्ट नाही. राख आणि उडालेल्या तुकड्यांची ती घट्ट झालेली मिसळ आहे, कारण इथे खरोखरच एक ज्वालामुखीचं नळकांडं होतं आणि ते स्फोटाने फुटलं होतं. आपण चालतो ते त्याच्या बुजलेल्या घशावरून.

पूल इथे आला तो माशांमुळे. आपल्या जन्माच्या नदीकडे परतणारे सॅमन मासे किनाऱ्याला धरून पोहत जातात आणि हे बेट नेमकं त्यांच्या वाटेत आडवं येतं. मासे त्याला वळसा घालायला बाहेर वळतात. त्या वळणावर जाळं टाकलं की काम झालं. १७५५ पासून कोळी मंडळी इथे पूल टाकून बेटावर जात असल्याचं सांगितलं जातं. पुढे मासे घटत गेले आणि २००२ मध्ये इथली मासेमारी संपली. पर्यटकांच्या रांगेत उभं असताना हे आठवावं, की हा पूल दोनशे-अडीचशे वर्षं जाळ्यांची ओझी वाहणाऱ्या माणसांचा होता, आणि त्यांतले बरेच तो एकाच हाताच्या आधाराने पार करत.

दुपारनंतर जायंट्स कॉजवे. इथे सहलीला साधारण दोन तास मिळतात आणि ते कमी पडतात. दर्शन केंद्राला तिकीट आहे, पण दगडांपर्यंत पायी जायला पैसे पडत नाहीत. केंद्र ते खांब हे अंतर एक किलोमीटरच्या आसपास आहे. खाली उतरणारी छोटी बसही आहे. पाय साथ देत असतील तर चालतच जावं, कारण वाटेवर कड्याचे थर उलगडत जातात.

खांब जवळून पाहिल्यावर पहिला प्रश्न उठतो तो आकाराचा. निसर्गात सरळ रेषा दुर्मीळ, मग इतके नेमके षट्कोन कुठून आले?

लाव्हा बाहेर पडतो तेव्हा त्याचं तापमान हजार अंश सेल्सियसच्या वर असतं. इथे तो एका जुन्या खोलगट भागात, बहुधा नदीच्या दरीत, साचला. पातळ पसरला असता तर लवकर निवला असता. साचल्यामुळे थर जाड झाला आणि सावकाश निवला. निवताना तो वरून आणि खालून आतल्या बाजूला घट्ट होत गेला. घट्ट झालेला दगड आणखी निवताना आकसतो. आकसायला जागा नसते, कारण चारी बाजूंना तसाच आकसणारा दगड असतो. ताण वाढतो आणि एका क्षणी दगड तडकतो. २०१८ मध्ये लिव्हरपूल विद्यापीठाच्या संशोधकांनी आइसलंडच्या बसाल्टचे दंडगोल प्रयोगशाळेत तापवून, मग निववताना पकडून ठेवले आणि ते कधी तडकतात हे मोजलं. उत्तर आलं ८४० ते ८९० अंश. म्हणजे लाल-नारिंगी तेज अजून अंगात असतानाच हा दगड मोडू लागतो. पायाखालचे थंडगार, शेवाळलेले खांब त्या अवस्थेत जन्मले, हे समजल्यावर त्यांच्याकडे पाहायची नजर पार बदलते.

पण तडा षट्कोनीच का? पृष्ठभागावर पडणाऱ्या पहिल्या भेगा मुळीच नेटक्या नसतात. उन्हाळ्यात आटलेल्या तळ्याचा चिखल जसा फुटतो तशा त्या वेड्यावाकड्या पडतात. एक भेग आधी पडते, दुसरी तिला काटकोनात येऊन मिळते. मग गरम भागाची हद्द आत सरकते तशा भेगाही तिच्यामागे आत सरकतात, आणि त्या सलग सरकत नाहीत. ताण साठतो, भेग काही सेंटीमीटर पुढे जाते, थांबते, पुन्हा ताण साठतो. प्रत्येक टप्प्यावर भेगांना आपली जागा किंचित सुधारायची संधी मिळते. जिथे तीन भेगा १२० अंशांच्या समान कोनात भेटतात, तिथे ताण सगळ्या बाजूंनी सारखा सुटतो. त्यामुळे खोल जाता जाता काटकोनाचे सांधे हळूहळू तीन समान फाट्यांचे होत जातात आणि त्यांनी वेढलेला आकार षट्कोनाकडे झुकतो. खांबांच्या बाजू निरखून पाहिल्या तर आडव्या, छिन्नीने मारल्यासारख्या पट्ट्या दिसतात. तो एकेक पट्टा म्हणजे भेगेची एकेक उडी. सहा कोटी वर्षांपूर्वीची ती थांबत थांबत केलेली वाटचाल तिथे बोटाने मोजता येते.

टोरांटो विद्यापीठातल्या संशोधकांनी हीच गोष्ट स्वयंपाकघरातल्या मालाने करून दाखवली. कॉर्नफ्लोअर पाण्यात कालवून दिव्याखाली वाळू दिलं, की पाणी उडून जाताना ते आकसतं आणि त्यात पेन्सिलीएवढे बारीक, बहुकोनी खांब तयार होतात. लाव्हातली उष्णता आणि पिठातलं पाणी वेगळी, पण जाण्याची रीत एकच, म्हणून आकारही एकच. त्यातून एक सरळ नियम हाती आला: निवणं जितकं संथ, तितके खांब जाड. ज्यांच्या घरी शाळकरी मुलं आहेत त्यांनी हा प्रयोग जरूर करावा. एक वाटी पीठ, तेवढंच पाणी, एक काचेचं भांडं आणि काही दिवसांचा धीर, एवढंच लागतं.

सगळे खांब षट्कोनी नाहीत, हेही तिथे गेल्यावर मोजून पाहावं. पाच बाजूंचे खूप आहेत, सात बाजूंचे आहेत, चार आणि आठ बाजूंचेही सापडतात. त्यामागे ऑयलर या गणितज्ञाचा नियम आहे. जिथे प्रत्येक सांध्यावर तीनच भेगा मिळतात, अशा मोठ्या जाळ्यात बाजूंची सरासरी सहाच्या आसपास यावीच लागते. एक खांब पंचकोनी झाला की कुठेतरी दुसऱ्याला सप्तकोनी होऊन ती भरपाई करावी लागते. मुलांना गणित कशासाठी शिकायचं हे सांगायला याहून चांगली जागा मला माहीत नाही.

खांब आडवेही तुटलेले आहेत. एका तुकड्याचं डोकं फुगीर आणि त्यावरच्याची बैठक खोलगट, किंवा उलट. वरचा तुकडा निघून गेला की खोलगट माथ्यात पावसाचं पाणी साठतं आणि त्या वाटीएवढ्या डबक्यांत आकाश दिसत राहतं. पूर्वेला कड्याच्या अंगात ऑर्गन नावाची खांबांची रांग उभी आहे. ते खांब सुमारे १२ मीटर उंच आहेत. पायाखालच्या पायऱ्यांची खरी लांबी किती असेल याचा अंदाज तिथे येतो. त्याहून वर, त्याच प्रवाहाच्या माथ्याकडचा भाग वेडावाकडा, बारीक खांबांचा आहे. तो भाग वेगाने निवला.

हे सगळं आज समजतं, पण माणसाला ते समजायला फार वेळ लागला. १६९३ मध्ये सर रिचर्ड बल्कली यांनी लंडनच्या रॉयल सोसायटीला या जागेचं वर्णन कळवलं आणि युरोपभर वाद पेटला. माणसाने छिन्नीने केलं, की निसर्गाने, की राक्षसाने? डब्लिनच्या सुझाना ड्र्युरी या चित्रकर्तीने इथली दृश्यं इतक्या काटेकोरपणे रंगवली, की १७४० मध्ये तिला डब्लिन सोसायटीचं पारितोषिक मिळालं. त्या चित्रांच्या छापील प्रती युरोपातल्या अभ्यासकांच्या हाती गेल्या. पुढे निकोला देमारे या फ्रेंच अभ्यासकाला मध्य फ्रान्समध्ये असेच खांब दिसले, थेट जुन्या ज्वालामुखींतून निघालेल्या प्रवाहांना जोडलेले. हा दगड आगीतून आला, असं त्याने मांडलं. पण समुद्रात साचूनच सगळे खडक झाले असं मानणारा मोठा पक्ष होता आणि त्यांच्याकडे एक जबरदस्त पुरावा होता. कॉजवेपासून जवळच असलेल्या पोर्टरशच्या खडकात अमोनाइट या सागरी प्राण्याचे जीवाश्म सापडत होते. दगड काळा, कठीण, बसाल्टसारखाच. आगीतून आलेल्या दगडात शंख कसे? स्थानिक धर्मगुरू विल्यम रिचर्डसन हा प्रश्न हिरिरीने विचारत राहिले. प्रश्न रास्तच होता. उत्तर नंतर मिळालं: तो दगड बसाल्ट नाहीच. ज्युरासिक चिखलाच्या थरांत लाव्हाची पाचर घुसली आणि तिच्या उष्णतेने तो चिखल भाजून इतका कठीण आणि काळा झाला, की दिसायला बसाल्टच. आतले शंख मात्र टिकले. पोर्टरशच्या किनाऱ्यावर ते अमोनाइट आजही दिसतात. तो भाग राखीव आहे, दगड फोडायला मनाई आहे. सहलीच्या वेळापत्रकात हा थांबा क्वचितच असतो. माझ्या हाती असतं तर तो मी सगळ्यात आधी घातला असता.

गाइड फिन मॅकूलची गोष्ट सांगतोच. आयर्लंडच्या फिनने स्कॉटलंडच्या बेनँडोनरशी लढायला समुद्रातून दगडी रस्ता बांधला. मग तो राक्षस किती मोठा आहे हे कळल्यावर फिनच्या बायकोने नवऱ्याला तान्ह्या बाळासारखं पाळण्यात निजवलं. बाळच एवढं, तर बाप केवढा असेल, या धसक्याने बेनँडोनर रस्ता मोडत पळाला. गोष्ट छान आहे आणि तिच्यात निरीक्षणही आहे. स्कॉटलंडच्या स्टाफा बेटावर फिंगल्स केव्ह या गुहेत असेच खांब आहेत, त्याच ज्वालामुखी काळातले. दोन टोकांना सारखा दगड आहे, तर मधे काहीतरी जोडणारं असलंच पाहिजे, हा विचार लोकांनी भूविज्ञानाच्या आधी केला होता. आपल्याकडे परशुरामाने बाण मारून समुद्र हटवला आणि कोकण वर आलं. डोंगरातली लेणी पांडवांनी एका रात्रीत खोदली. जमिनीकडे नीट पाहणाऱ्या माणसांनाच अशा गोष्टी सुचतात.

आता ज्या पट्ट्यासाठी मी ही सगळी वाट चालत आले, तिथे येऊ. खांबांपासून पूर्वेकडच्या वाटेने पुढे गेलं की अँफिथिएटर नावाचा मोठा गोलाकार कडा समोर येतो. त्याच्या मध्यावर, वर आणि खाली काळ्या खडकाने दाबलेला, एक तांबडाभडक थर आडवा गेला आहे. कोकणातल्या माणसाला तो लांबूनच ओळखू येईल. तो जांभा आहे.

आयर्लंडमध्ये जांभा! दोन उद्रेकांच्या मधे ज्वालामुखी लाखो वर्षं शांत राहिला. तेव्हा इथलं हवामान उबदार आणि दमट होतं. पावसाने काळ्या बसाल्टमधली विरघळणारी द्रव्यं धुऊन नेली आणि लोह व अ‍ॅल्युमिनियम मागे राहिले. दगड गंजला, तांबडा झाला, मऊ झाला. त्यावर झाडं उगवली. मग पुन्हा लाव्हा आला. कॉजवेचे खांब ज्या प्रवाहाचे आहेत तो याच तांबड्या जमिनीवरून, तिच्यातल्या दरीत उतरला. खाली, लाल मातीत, न गंजलेल्या बसाल्टचे गोल गाभे अडकलेले दिसतात. स्थानिक लोक त्यांना राक्षसाचे डोळे म्हणतात. एकोणिसाव्या शतकात अँट्रिममध्ये हा थर लोहखनिजासाठी खणला गेला आणि ग्लेनॅरिफ दरीत त्यासाठी अरुंद रूळमार्गही टाकला होता. दुसऱ्या महायुद्धात यातलंच बॉक्साइट अ‍ॅल्युमिनियमसाठी काढलं. थंड, ओल्या, हिरव्या आयर्लंडमध्ये एके काळी रत्नागिरीसारखी हवा होती, याचा हा लेखी पुरावाच म्हणायचा. सह्याद्रीच्या घाटातही काळ्या थरांच्या मधे बारीक तांबड्या रेघा दिसतात. त्याही लाव्हाच्या दोन पुरांमधल्या उसंतीच्या खुणा आहेत. घाट चढताना आपण त्यांच्या बाजूने वेगाने निघून जातो.

आणखी एक नातं दगडाच्या आत लपलेलं आहे. लाव्हातले वायूचे बुडबुडे दगडात पोकळ्या ठेवून जातात आणि त्यांत पुढे पाण्याबरोबर आलेली द्रव्यं साचून झिओलाइट गटातली स्फटिकं वाढतात. अँट्रिम या खनिजांसाठी नावाजलेलं आहे. गॉबिन्साइट आणि गॅरोनाइट ही दोन खनिजं इथल्याच ठिकाणांच्या नावाने ओळखली जातात. दख्खनचे झिओलाइट तर जगभरच्या संग्रहालयांत मानाने मांडलेले असतात. त्यांच्याबरोबर पुण्याजवळच्या वाघोलीच्या खाणींतलं निळंशार कॅव्हनसाइटही असतं.

एक विनंती मात्र करावीशी वाटते. कॉजवेच्या फटींत माणसं नाणी ठोकून बसवतात. नवस म्हणून, आठवण म्हणून, प्रेम म्हणून. ती नाणी गंजतात, फुगतात आणि खांबाच्या कडा फोडतात. दगडावर तांबेरी ओघळ उतरतात. तिथली व्यवस्था पाहणाऱ्या नॅशनल ट्रस्टने हे थांबवण्याचं जाहीर आवाहन केलं आहे. हजार अंशांतून निघून, हिमयुग सोसून, अटलांटिकच्या लाटा खाऊन उरलेला दगड एका नाण्याने फुटतो, हे पाहून फार वाईट वाटतं.

परतीच्या वाटेवर बुशमिल्सची मद्यभट्टी आणि डनलूसचा कड्यावरचा पडका किल्ला लागतो, तो रस्त्यावरूनही छान दिसतो. मग डार्क हेजेस, म्हणजे १७७५ च्या सुमारास लावलेल्या बीच वृक्षांची कमानदार रांग. एका दूरचित्रवाणी मालिकेत दिसल्यामुळे तिथे गर्दी असते. झाडं म्हातारी झाली आहेत, दर मोठ्या वादळात काही पडतात. हा थांबा वगळून तो अर्धा तास खांबांपाशी मिळत असेल, तर छोट्या गटाने गाइडला तसं सांगून पाहावं. छोट्या गटाचा हा हक्क वापरायचाच असतो.

मला मनापासून वाटतं, की अशी सहल आपल्या किनाऱ्यावर व्हावी. माणसं बारा, गाडी एक, आणि दगड ओळखणारा गाइड. मुंबईत अंधेरीला गिल्बर्ट हिलपासून सुरुवात करता येईल. दख्खनच्याच काळातला हा उभ्या खांबांचा काळा सुळका सुमारे ६१ मीटर उंच आहे. आजूबाजूच्या खाणी आणि इमारतींनी तो घेरला गेला आहे आणि त्याच्या माथ्यावर गावदेवीचं देऊळ आहे. मग रेवदंडा, कोर्लई, मुरूड. या पट्ट्यात ओहोटीला खडकाच्या सपाटीवर काळ्या दगडाच्या अरुंद भिंती सरळ रेषेत समुद्रात जाताना दिसतात. भूमी फाटली तेव्हा भेगांत चढलेला आणि तिथेच गोठलेला तो लाव्हा आहे. बॅलीकॅसलच्या किनाऱ्यावर अशीच एक भिंत नॉर्थ स्टार डाइक या नावाने दाखवली जाते. मुरूडच्या भिंतींना पाटी नाही. पुढे दिघीला तर ओलांडून श्रीवर्धन, आणि शेवटी हरिहरेश्वरची प्रदक्षिणेची वाट. तिथे लाटांनी कोरलेल्या जाळीदार खडकातून भाविक रोज चालतात. ओहोटीची वेळ पाहूनच निघावं लागेल, कारण भरतीला ती वाट बंद होते. ज्यांना घाटावरून जायचं आहे त्यांच्यासाठी पन्हाळा तालुक्यात बांदिवडे गावापाशी बसाल्टचे खांब आहेत, शेताच्या बांधावरून दिसणारे.